धागा: व्हेनिसचा वकील, सुलतानाचा दरबार आणि मधल्यामधे मेलेला दुभाषी

नीलांबरी_के | शुक्रवार, रात्री ११:१२

गेली बारा वर्षं मी चाकणच्या कारखान्यांमधून जर्मन-मराठी दुभाषीपणा करून पोट भरते. मागच्या महिन्यात एका मीटिंगमध्ये तिकडून आलेला साहेब आपल्या पोरांच्या कामाला सरळ कचरा म्हणाला, आणि मी मराठीत शांतपणे सांगितलं की साहेबांच्या मते अजून बरंच काम करावं लागेल. मीटिंग निभली, चहा झाला, भजी झाली. मग कुणीतरी साहेबाच्या कानात घातलं की तुमचं बोलणं पुरतं पोचलंच नाही, आणि इकडच्या पोरांना खरं कळल्यावर ती म्हणाली बाई त्यांची माणूस आहे. म्हणजे शिव्या दोन्हीकडून मलाच!

त्या रागात रात्री जागून दुभाष्यांचा इतिहास वाचायला बसले आणि थेट सोळाव्या शतकातल्या इस्तंबूलला जाऊन पोचले. वाचलेलं डोक्यातून जाईना म्हणून इथे धागा काढतेय, लांबलं तर सांभाळून घ्या.

१४५३ मध्ये तुर्कांच्या सुलतान मेहमदने कॉन्स्टँटिनोपल, म्हणजे आजचं इस्तंबूल, घेतलं हे शाळेत सगळ्यांनीच पाठ केलंय. पण पुढच्याच वर्षी, १४५४ ला, व्हेनिसने त्याच सुलतानाशी तह केला आणि आपला माणूस त्या शहरात ठेवायची परवानगी मिळवली, हे काही पुस्तकात नव्हतं. त्या माणसाला म्हणायचे बायलो. (हसू नका, मीही हसून झालेय.) हा बायलो म्हणजे एकाच वेळी वकील (जुन्या अर्थाने, म्हणजे राजदूत), तिथल्या व्हेनिशियन व्यापाऱ्यांचा न्यायाधीश आणि उघड गुपित असलेला हेर. खाडीच्या पलीकडे पेरा नावाच्या भागात त्याचं घर, आजचं बेयोग्लू. दोन-तीन वर्षांनी नवीन माणूस यायचा, दरबारातली कामं मात्र रोजची: अडवलेलं जहाज सोडवा, पकडलेला खलाशी सोडवा, जकातीवरून भांडा, वजिराच्या मुलाच्या सुंतेला काय आहेर द्यायचा ते ठरवा.

आणि एवढ्या मोठ्या माणसाला तुर्की येत नसे!

म्हणजे वजीर काय बोलला हे त्याला कळणार दुभाष्याच्या तोंडून, आणि तो काय बोलला हे वजिराला कळणार तेही दुभाष्याच्याच तोंडून. या दुभाष्यांना युरोपात ड्रॅगोमन म्हणत. शब्द आला अरबी तर्जुमानवरून, आपला तर्जुमा त्याच घरातला. कुठल्या भलत्या देशाचं वाचतेय असं वाटत असताना अचानक नात्यातलं कुणी भेटल्यासारखं झालं.

सुरुवातीला हे दुभाषी पेऱ्यातल्याच जुन्या कॅथलिक घराण्यांतले असायचे. पगार व्हेनिसचा आणि प्रजा सुलतानाची. साहजिकच व्हेनिसला धाकधूक की हा माणूस नक्की कोणाचा. मग १५५१ मध्ये तिथल्या सिनेटने ठराव केला की आपलीच पोरं तिकडे पाठवून तुर्की शिकवायची. त्या पोरांना नाव पडलं 'भाषेचे तरुण'. बायलोच्या घरात राहायचं, शिकवायला एक तुर्क होजा यायचा. कल्पना झकास, पण पोरं ती पोरंच: कुणी शहराच्या नादाला लागलं, कुणी प्लेगने गेलं, कुणी धर्म बदलून तिथेच राहिलं, आणि बायलो घरी रडगाणी लिहीत बसले. शेवटी काम टिकवलं ते ब्रुत्ती, बोरिसी, तार्सिया असल्या घराण्यांनीच. बाप दुभाषी, जावई दुभाषी, भाचा शिकाऊ.

आता माझ्या जिव्हाळ्याचा भाग. दरबारातून जाणाऱ्या पत्राचा सूर असा असायचा की समोरचा राजा निष्ठेने आमच्या उंबऱ्याशी आला म्हणून आम्ही त्याच्यावर कृपा करतो. दुभाष्याच्या हातून तेच पत्र इटालियनमध्ये उतरताना उंबरा गळायचा आणि मैत्री उरायची. उलट दिशेने व्हेनिसची कडक तक्रार तुर्कीत जाताना नम्र अर्ज होऊन जायची. दोन्हीकडे कुणाला यातलं काही कळत नव्हतं असं मला वाटत नाही. कळत होतं आणि चालवून घेत होते.

आणि बिनसलं की मान कोणाची? १६२० मध्ये मुख्य दुभाषी मार्कांतोनिओ बोरिसीला वजिराने ठार मारलं. १६४९ ला क्रीट बेटासाठी तुर्कांची व्हेनिसशी लढाई चालू असताना बायलो सोरान्झोला बेड्या पडल्या, पण फास बसला त्याच्या दुभाष्याला, ग्रिल्लोला.

तर मंडळी, माझा प्रश्न. शब्द मऊ करणारा दुभाषी गद्दार म्हणायचा का? मला उत्तर माहितीये, पण भांडायला मजा येईल.

---

जुनाखोका | शुक्रवार, रात्री ११:५०

मस्त धागा. बायलो वाचून चहा नाकातून आला.

याच मेहमदची अजून एक गोष्ट. १४६३ ते १४७९ अशी सोळा वर्षं व्हेनिसशी लढला आणि तह झाल्याबरोबर निरोप धाडला, मला एक चांगला चित्रकार पाठवा. व्हेनिसने कोण पाठवावा, तर जेंतिले बेलिनी, शहराचा एक नंबरचा माणूस, दोजच्या (व्हेनिसच्या निवडलेल्या प्रमुखाच्या) महालातलं चालू काम अर्धवट टाकून. त्याने सुलतानाचं चित्र काढलं ते आज लंडनला आहे. आणि यातला भारी किस्सा म्हणजे बेलिनीने बायबलमधल्या संत योहानच्या कापलेल्या मुंडक्याचं चित्र दाखवलं तर सुलतान म्हणाला मान चुकली, कापल्यावर ती अशी आत ओढली जाते, आणि पटवून द्यायला तिथल्या तिथे एका गुलामाचं मुंडकं उडवलं. बेलिनी घाबरून परत पळाला.

---

आडवाटे | शनिवार, सकाळी ७:०५

खोकाशेठ, सगळं बरोबर, फक्त मुंडकं सोडून. तो किस्सा रिडोल्फी नावाच्या लेखकाने १६४८ मध्ये छापला, बेलिनी परत आल्याला तोवर दीडशेच्या वर वर्षं झाली होती. तोवर युरोपात 'क्रूर तुर्क' हा साचा पक्का झाला होता, त्यात कुठलीही गोष्ट ओतली की बसायची. बेलिनी पळाला वगैरे काही नाही, वर्षभराहून जास्त राहिला आणि मानाची पदवी न् गळ्यात सोन्याची साखळी घेऊन आला.

चित्रावर तारीख आहे २५ नोव्हेंबर १४८०. पुढच्या मे महिन्यात सुलतान वारला. मुलगा बायेझीदला असली चित्रं पसंत नव्हती, त्याने बाजारात काढली म्हणतात. आज जे दिसतं त्यात मूळचा रंग थोडाच, वरून बरंच काम झालंय. तरी कमानीत बसलेला तो बारीक नाकाचा, थकलेला माणूस बघितला की वाटतं बेलिनीला तो माणूस म्हणून दिसला होता. हे आपलं माझं मत, जाणकारांनी मारू नये.

---

शेंगदाणा७७ | शनिवार, सकाळी ८:३१

वाचनखूण साठवली. पुढच्या भागाच्या प्रतीक्षेत.

---

रेवदंडेकर | शनिवार, सकाळी १०:२०

छान लिहिलंय ताई पण जरा गोडगोड होतंय. चित्रकार पाठवला, पत्रं मऊ केली, सगळे भाऊ भाऊ. १५७१ ला व्हेनिसच्या ताब्यातल्या सायप्रसमध्ये फामागुस्ता शहर पडलं तेव्हा तुर्कांनी तिथला व्हेनिसचा सरदार ब्रागादीन याची जिवंत कातडी सोलली. त्याच ऑक्टोबरात लेपांतोला ख्रिस्ती आरमाराने तुर्कांची जहाजं शेकड्याने बुडवली नाहीतर धरली. ही देवाणघेवाण कुठल्या खात्यात टाकायची? आणि व्हेनिसने तरी काय मोठं मन दाखवलं, १६२१ ला तुर्की व्यापाऱ्यांना कालव्यावर एक मोठी वखार दिली आणि रात्री तिची दारं बाहेरून बंद. आत बायका नकोत, हत्यार नको. याला पाहुणचार म्हणायचं की कोंडवाडा?

दुभाष्याबद्दल म्हणाल तर मी गद्दारच म्हणेन. तुम्हाला ज्याने पैसे दिले त्याचे शब्द बदलायचा हक्क तुम्हाला कोणी दिला?

---

नीलांबरी_के | शनिवार, सकाळी ११:४५

रेवदंडेकर दादा, गोडगोड नाही हो, आता बघा. तुम्ही म्हणता त्याच लढाईच्या वेळी बायलो होता मार्कांतोनिओ बार्बारो, त्याच्याच घरात नजरकैदेत. खिडक्यांवर पहारा. इकडे दोन्ही आरमारं एकमेकांची मुंडकी मोजत होती आणि तिकडे या घरात एक ज्यू वैद्य येजा करत होता, सोलोमन अश्केनाझी, जो वजीर सोकोल्लू मेहमद पाशाच्या घरीही जात असे. वैद्याला कोण अडवणार? नाडी बघता बघता निरोप पोचायचे. १५७३ च्या मार्चमध्ये तह झाला तो या येजांमधूनच. व्हेनिसने सायप्रस सोडलं, वर ३ लाख डुकॅट (तिकडची नाणी) द्यायचे कबूल केले. बाकी मित्रराष्ट्रांना पत्ताच नाही, पोपने म्हणे आकांडतांडव केलं. आणि वर्षभरात तोच वैद्य सुलतानाचा वकील म्हणून व्हेनिसला गेला, दोजने मानाने बसवला.

याच सोकोल्लूच्या तोंडी ते प्रसिद्ध वाक्य घालतात ना, की लेपांतोला तुम्ही आमची दाढी भादरलीत, ती परत येईल, आम्ही सायप्रस घेऊन तुमचा हात तोडला, तो काही येत नाही. आता विचार करा, हे वाक्य बार्बारोला तुर्कीत ऐकवलं असणार. इटालियनमध्ये कोणी सांगितलं? तिथे एक दुभाषी उभा होता आणि त्याने दाढी मऊ केली नाही, हात मऊ केला नाही, जसंच्या तसं पोचवलं. म्हणजे कुठे मऊ करायचं आणि कुठे नाही हे त्यांना कळत होतं. कचऱ्याला कचरा कधी म्हणायचं हे कळणं हेच तर कामाचं आहे, पैसे त्याचेच मिळतात.

आणि हो, याच वजिराने सायप्रसची लढाई सुरू व्हायच्या जेमतेम वर्षभर आधी, १५६९ मध्ये, याच बार्बारोमार्फत व्हेनिसहून मशिदीसाठी ९०० काचेचे दिवे मागवले होते, सोबत नक्षीची चित्रं काढून दिली होती की असेच पाहिजेत. मुरानोतला (व्हेनिसचं काचकामाचं बेट) कुणी ख्रिस्ती कारागीर फुंकणी तोंडाला लावून तुर्काने काढलेल्या आकाराचा मशिदीचा दिवा फुगवतोय, हे मला लेपांतोच्या कुठल्याही चित्रापेक्षा जास्त खरं वाटतं.

कोंडवाड्याबद्दल मात्र तुमच्याशी सहमत. फक्त तो कोंडवाडा तुर्की व्यापाऱ्यांनी १८३८ पर्यंत सोडला नाही, म्हणजे धंदा बरा होत असावा.

---

रेवदंडेकर | शनिवार, दुपारी १२:१०

वैद्याचं माहीत नव्हतं. गद्दार शब्द अर्धा मागे घेतो. अर्धाच.

---

मिरजेचा_तंबोरा | शनिवार, दुपारी ३:३६

आमचं घराणं वाद्यं दुरुस्त करणारं, म्हणून मी वेगळ्याच टोकाने शिरतो. १५९९ ला इंग्लंडच्या एलिझाबेथ राणीने सुलतान तिसऱ्या मेहमदला भेट म्हणून एक ऑर्गन पाठवला, आपोआप वाजणारा. घड्याळ, सोळा घंटांचा नाद, कर्णे फुंकणारे दोन पुतळे आणि माथ्यावर एक झुडूप, त्यात पक्षी, वाजवणं संपलं की ते किलबिलाट करून पंख हलवायचे. सोबत बनवणारा माणूस स्वतः, थॉमस डॅलम, लँकेशायरचा. राणीच्या मनात फक्त मैत्री नव्हती, व्यापाराचा करारनामा पक्का करायचा होता आणि शेजारी फ्रेंच वकील पाय ओढायला बसलेले.

सहा महिने जहाजात प्रवास. इस्तंबूलला खोकी उघडली तर काय, जहाजाच्या पोटातल्या उष्म्याने सगळा सरस सुटलेला आणि धातूच्या नळ्या चेपलेल्या. हे वाचताना माझ्या पोटात गोळा आला राव. पावसाळ्यात कोकणात गेलेला तंबोरा परत येतो तेव्हा घोडी एकीकडे न् तबली एकीकडे अशी अवस्था मी हजारदा बघितलीये, आणि गिऱ्हाईक वर विचारतं, दोन तासांत होईल ना. इथे तर गिऱ्हाईक सुलतान! वकील आणि व्यापारी नाकं मुरडायला लागले, पण डॅलम बसला न् दिवसेंदिवस एकेक सांधा परत जोडला.

मग प्रत्यक्ष दिवस. बाजा आपोआप वाजला, पक्षी बोलले, सुलतान खूश, विचारलं की हे हाताने वाजवता येतं का कुणाला. डॅलमला पुढे ढकललं. आता पंचाईत अशी की वाजवायला बसायचं तर सुलतानाकडे पाठ होणार, आणि पाठ फिरवणं म्हणजे गुन्हा. बसला बिचारा, इतका जवळ की त्याची विजार सुलतानाच्या गुडघ्याला घासत होती. मधेच सुलतान त्याचे हात बघायला उठला तसा याला धक्का लागला, हा समजला तलवार उपसली, गेलं मुंडकं. काही नाही, खूश होऊन ४५ मोहरा दिल्या. वर म्हणाले इथेच राहा, बायका देतो. याने थाप मारली की घरी बायकापोरं वाट बघतायत. लग्नच झालेलं नव्हतं पठ्ठ्याचं.

नीलांबरीताईंसाठी खास: परतीच्या वाटेवर डॅलमसोबत दुभाषी होता फिंच नावाचा, जन्म लँकेशायरचाच, धर्माने पक्का मुसलमान झालेला. डॅलम लिहितो की धर्माने तुर्क पण आमचा भरवशाचा दोस्त.

---

आडवाटे | शनिवार, दुपारी ४:२०

सरस 👌

याला एक शेपूट जोडतो. तो ऑर्गन ज्या जहाजातून गेला त्याचं नाव हेक्टर. भूमध्य समुद्रात व्यापार करणाऱ्या इंग्रज कंपनीचं जहाज. पुढे तेच ईस्ट इंडिया कंपनीच्या पहिल्या ताफ्यात गेलं आणि १६०८ च्या ऑगस्टमध्ये विल्यम हॉकिन्सला घेऊन सुरतेला लागलं. म्हणजे ज्या लाकडाने सुलतानाचे पक्षी वाहिले त्यानेच इंग्रज आपल्या दारात आणून सोडला.

---

मिरजेचा_तंबोरा | शनिवार, दुपारी ४:२४

अरारारा. त्यापेक्षा सरस कायमचा सुटला असता तर बरं.

---

म्हापशेकर_बाय | शनिवार, संध्याकाळी ६:५८

सुरतेच्या आधी आमच्या गोव्यात येऊन गेले हो इंग्रज, आणि तेही या भूमध्यातल्या भांडणापायीच. १५८३ मध्ये न्यूबेरी, फिच, लीड्स आणि स्टोरी नावाचा एक चित्रकार असे निघाले, सीरियाच्या किनाऱ्याला उतरले, अलेप्पो, बगदाद करत पोर्तुगीजांच्या ताब्यातल्या होर्मुझ बंदराला पोचले. अलेप्पोचा माल हा तोवर व्हेनिसवाल्यांच्या हातातला घास. होर्मुझला एक इटालियन व्यापारी होता, स्ट्रोपेने, त्याने ओळखलं की हे आज इथे आले तर उद्या आपलं दुकान बंद, आणि पोर्तुगीजांकडे जाऊन सांगितलं की हे हेर आहेत. झालं, उचलले आणि जहाजात घालून थेट गोव्याच्या तुरुंगात.

त्यांना सोडवायला धावपळ कोणी केली माहितीये? फादर थॉमस स्टीफन्स. तेच ते, ज्यांनी पुढे मराठीत ख्रिस्तपुराण लिहिलं, राशोलला १६१६ ला छापलं. ते १५७९ पासून गोव्यात होते, इंग्रजी बोलणारे, आपल्या गाववाल्यांसाठी शब्द टाकला. जामिनावर सुटले. स्टोरीला पाद्र्यांनी चर्चमध्ये चित्रं काढायला ठेवून घेतलं, बाकीचे १५८४ ला संधी साधून निसटले आणि घाटावर, विजापूरकडे. फिच फिरत फिरत १५९१ ला घरी पोचला, न्यूबेरी वाटेतच कुठेतरी हरवला.

मला यात गंमत वाटते ती स्टीफन्सची. स्वतः इंग्रज, नोकरी पोर्तुगीजांच्या राज्यात, गोडी मराठीची. नीलांबरीच्या यादीत हा पण दुभाषीच धरा.

---

कट्ट्यावरचा_बाळू | शनिवार, रात्री ९:४०

एक बाळबोध शंका. व्हेनिसचा माणूस इस्तंबूलला कायम, फ्रेंचांचा, इंग्रजांचा पण कायम. मग सुलतानाचा वकील व्हेनिसला का नाही? आपले पेशव्यांचे वकील तर दिल्ली, हैदराबाद सगळीकडे मुक्काम ठोकून असायचे.

---

आडवाटे | शनिवार, रात्री १०:१५

बाळ्या, शंका अजिबात बाळबोध नाही. काम पडेल तसा माणूस जायचा. युनुस बे नावाचा सुलतानाचा मुख्य दुभाषी अनेकदा व्हेनिसला जाऊन आला, जन्माने मोदोनचा ग्रीक. पण कायमचा वकील ठेवायची पद्धत नव्हती, पहिला कायमचा तुर्की वकील लंडनला गेला तो १७९३ मध्ये. त्यांच्या लेखी जगाने आपल्या दारात यायचं, आपण का जायचं. शिवाय बातमी काय, व्यापारी आणत होतेच. आमच्या आजोबांचं पण असंच होतं, लग्नाला सगळ्यांनी यायचं आमच्याकडे, आम्ही आहेर पाठवू.

अवांतर: १५८५ चा बायलो मोरोसिनी घरी कळवतो की इथले लोक काळं कढत पाणी पितात आणि रिकामटेकडे बसून राहतात. व्हेनिसला कॉफीची दुकानं निघायला अजून बराच अवकाश होता. आज इटालियन माणसाला हे वाचून दाखवायला पाहिजे.

---

जुनाखोका | रविवार, सकाळी ९:०२

एवढे डुकॅट डुकॅट चाललंय आणि कुणाच्या लक्षात कसं आलं नाही? व्हेनिसचा सोन्याचा डुकॅट म्हणजे आपली पुतळी. पुतळ्यांची माळ म्हणतो ना, ती मूळची याच नाण्यांची. व्हेनिसवाले मिरी-दालचिनीचे पैसे अलेप्पोला, कैरोला सोन्यात मोजायचे, ते सोनं अरबांच्या हातून इकडे यायचं. नाण्यावर माणसं म्हणून आपण नाव ठेवलं पुतळी. शिवकाळातल्या खजिन्याच्या याद्यांत होनांच्या रांगेत पुतळ्याही बसलेल्या आहेत.

ओळखायचं कसं: एका बाजूला संत उभा आणि त्याच्यापुढे गुडघ्यावर टेकलेला दोज, दोघांच्या मधे झेंड्याची काठी. दुसऱ्या बाजूला लांबट गोलात ख्रिस्त, भोवती चांदण्या. वजन साडेतीन ग्रॅमच्या आसपास, सोनं जवळजवळ शुद्ध. १२८४ पासून १७९७ पर्यंत ठसा फारसा बदलला नाही, म्हणून तर भरवसा. पण माळेतल्या बहुतेक पुतळ्या इकडच्या सोनारांनी पाडलेल्या असतात. त्यात अक्षरं म्हणजे नुसत्या काड्या, कारण सोनाराला लॅटिन येत नव्हतं, त्याने दिसलं तसं उमटवलं. अलीकडच्या माळांत तर सरळ लक्ष्मीच असते.

---

नीलांबरी_के | रविवार, सकाळी १०:३०

खोका, तू हे शुक्रवारी का नाही सांगितलंस!! आत्ता आईला फोन केला. पणजीची माळ आहे, एकवीस पुतळ्यांची, पूर्वी जास्त होत्या पण वाटण्यांत गेल्या. मी विचारलं त्यावर काय आहे, तर आई म्हणे राम-लक्ष्मण आहेत, एक उभा आणि एक वाकलेला, मधे धनुष्य. लहानपणापासून तिला तसंच सांगितलंय.

झेंड्याची काठी असेल असं मी म्हणाले नाही. उद्या बँक उघडली की लॉकरला जातेय, भिंग घेऊन, आणि अक्षरांचा फोटो इथेच टाकते. काड्या निघाल्या तरी टाकते.

---

रेवदंडेकर | रविवार, सकाळी १०:३४

ताई, आईला काठी न सांगता धनुष्य राहू दिलंत. उरलेला अर्धा पण मागे घेतला.